उतरून पडलेला भाव

पहाटे साडेचारला जुबैल बाजाराच्या मागल्या दाराशी
ट्रकचा दरवाजा उघडतो आणि धुकं बाहेर येतं.
शारजात जुलैमध्ये धुकं मिळतं ते एवढंच,
उणे अठराच्या पोटातलं.
हातमोज्यातच पेन धरून मी लिहितो :
कोळंबी, सोललेली नाही, किलोला चाळीस ते पन्नास नग,
बाराशे पेट्या,
मूळ देश इक्वेडोर.

वरच्या केबिनमधून कुंजुमोन ओरडतो,
"फणसोपकर, उतरून काय पडली?"
उतरून म्हणजे जहाजभाडं, विमा, जकात,
कंटेनर धक्क्यावर अडकला त्या दोन दिवसांची वीज,
सगळं धरून.
मी सांगतो, एकोणीस दिरहम चाळीस फिल्स.
मागल्या वर्षी याच आठवड्यात सव्वीस होती.
तो शिट्टी वाजवतो.
आनंदाची की धसक्याची,
ते गोदामात जुना माल किती पडलाय त्यावर.

भाव पडतो म्हणजे नक्की कुठे पडतो?
आवाज तर येत नाही.
इथे मुजम्मिल नळीने फरशी धुतोय,
बर्फ फोडणारा बर्फ फोडतोय,
आणि गिऱ्हाईक विचारतं तेच,
जे सव्वीसलाही विचारत होतं :
ताजी आहे का?
मी म्हणतो, ताजी.
वितळलेली, असं म्हणत नाही.

आई भाट्याच्या खाडीत ओहोटीला उतरायची
तिसऱ्या काढायला, पोटरीभर चिखलात, उकिडवी.
तिच्याकडे किलो नव्हता. वाटा होता.
वाट्याला दहा रुपये.
लग्नसराई असो, नारळी पुनव असो,
दहाचे बारा तिने केले नाहीत, दहाचे आठही नाहीत.
वाटा तेवढा बारीक व्हायचा,
किंवा वर चार शिंपल्या जास्त पडायच्या.
आमच्या तक्त्यात ज्याला बाजाराचा कल म्हणतात,
लाल-हिरव्या बाणांनी दाखवतात,
तो तिच्या मुठीत होता.
मी तेव्हा तिला अडाणी समजायचो.

दुपारी अबू सुलतान चहा मागवतो, तक्ता बघतो.
"हिंदचा माल किती म्हणतात?"
बावीस.
"सतरा ऐंशी लिही. त्यांना दुसरं गिऱ्हाईक कुठलं?"
तो वाईट माणूस नाही.
आईच्या मातीला मी चार दिवस उशिरा पोचलो,
पण तिकिटाचे पैसे यानेच दिले होते.
मी लिहिलं. सतरा ऐंशी.
खाली नेहमीसारखं, आपला विश्वासू.

आता बावीसमधून सतरा ऐंशी गेले, राहिले चार वीस.
हे चार वीस कोण सोसणार?
जहाजवाला नाही. विमावाला नाही.
पॅकिंगवाला म्हणेल, माझे मजूर कंत्राटी आहेत.
मी बोट खाली खाली नेत गेलो,
तर जयगडच्या अलीकडे, खारभूमीच्या बांधाशी
दोन तळी लागली, भाडेपट्ट्याची.
तिथे माझा मेहुणा लतीफ राहतो, पत्र्याच्या खोपीत,
मच्छरदाणीत, कुत्र्यासकट.

रात्री त्याचा फोन आला.
मागे हवा घालणारं चाक पाण्यावर फटफटत होतं.
"व्यापारी म्हणतो, आखातात भाव बसलाय. खरं काय?"
खरं, म्हणालो.
कुणी बसवला, ते त्याने विचारलं नाही.
मी म्हणालो, तीन आठवडे थांब,
रमजानची खरेदी लांब आहे, पण शाळा उघडल्या
की हॉटेलं उचलतील.
तो हसला.
"खाद्य रोज घालायला लागतं रे.
ती काय भाव बघून उपाशी राहणार?"

मग नाझनीनच्या फीचं बोलणं झालं,
माझ्या गुडघ्याचं,
इकडे उकडतं किती, त्याचं.
मध्येच त्याने फोन बाजूला धरला,
कुणाला तरी म्हणाला,
जाळं आण. चाक बंद कर.

फटफट थांबली.
बराच वेळ आम्ही दोघेही ऐकत होतो.